पडद्यावर उशिरा पोचलेला कोल्हा

पंचतंत्राची सुरुवात मालवाहू बैलगाडीने होते. दक्षिणेतल्या महिलारोप्य नगरातला वर्धमानक नावाचा व्यापारी गाड्या भरून मथुरेकडे निघतो. यमुनेच्या काठी त्याचा संजीवक हा बैल पाय मोडून बसतो आणि व्यापारी त्याला तिथेच सोडून पुढे जातो. बैल मात्र मरत नाही. हिरव्या गवतावर पोसला जातो, मोठमोठ्याने हंबरू लागतो. त्या आवाजाने पिंगलक सिंह बिचकतो आणि करटक-दमनक या दोन कोल्ह्यांच्या राजकारणाला वाट मोकळी होते.

धाराशिव जिल्ह्यातल्या तेरमध्ये ही सुरुवात ओळखीची वाटते. तेरणेच्या काठचे हे गाव म्हणजे प्राचीन तगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक ग्रंथात पैठणच्या पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर हे फार मोठे शहर असल्याची नोंद आहे. तिथले जाडेभरडे कापड आणि तलम मलमल गाड्यांत भरून, धड रस्ता नसलेल्या मुलखातून, भडोचच्या बंदराकडे जाई. तगर म्हणजेच तेर, हे जे. एफ. फ्लीट यांनी १९०१ मध्ये साधार मांडले. आज गावात रामलिंगप्पा लामतुरे यांच्या संग्रहातून उभे राहिलेले शासकीय संग्रहालय आहे. सातवाहनांची नाणी, मणी, शंखाच्या वस्तू, पांढऱ्या केओलिन मातीतून दुहेरी साच्याने काढलेल्या मूर्ती तिथे मांडलेल्या आहेत. इथल्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीचे नाते अभ्यासक १९३८ मध्ये इटलीतल्या पाँपेईच्या अवशेषांत सापडलेल्या भारतीय हस्तिदंती मूर्तीशी जोडतात.

पंचतंत्र तेरला रचले गेले, असा दावा कुणी करू नये. पण माल ज्या वाटेने जातो त्याच वाटेने गोष्टीही जातात आणि परतीच्या गाड्यांतून नव्या गोष्टी येतात, एवढे हे संग्रहालय पाहून पटते. या लेखात त्या प्रवासाचा एक उशिराचा टप्पा पाहायचा आहे. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकांत, सिनेमा अजून मुका असताना, प्राणिकथा हलत्या चित्रांतून पडद्यावर आल्या. न्यूयॉर्कमध्ये तर दर आठवड्याला एक नवी ‘इसापनीती’ तयार होऊ लागली. त्या वेळी महाराष्ट्रात गोष्टींचा तोटा नव्हता आणि निर्जीव वस्तू पडद्यावर हलवण्याची युक्तीही इथल्या एका माणसाच्या हाती आली होती. तरीही आपला कोल्हा पडद्यावर यायला १९३० च्या दशकाचा मध्य उजाडला. असे का झाले, याचा शोध कलेपेक्षा धंद्याच्या व्यवस्थेत घ्यावा लागतो.

गोष्ट कुणाची?

‘आपल्याच गोष्टी परदेशी लोकांनी नेल्या आणि आपल्यालाच विकल्या’ ही तक्रार अशा विषयात हमखास निघते. ती आधीच बाजूला ठेवू. सहाव्या शतकात इराणच्या खुस्रो अनुशिर्वान राजासाठी बुर्झोय या वैद्याने पंचतंत्र पहलवी भाषेत नेले. आठव्या शतकात इब्न अल-मुकफ्फाने ते अरबीत आणले. करटक-दमनक तिथे ‘कलीला व दिम्ना’ झाले आणि पुस्तकालाच त्यांचे नाव मिळाले. १६७८ मध्ये फ्रेंच कवी ला फोंतेनने आपल्या नीतिकथांच्या नव्या संग्रहात पिल्पे या भारतीय ज्ञान्याचे ऋण मोकळेपणाने मान्य केले.

पण उलटी वाहतूकही झाली. १८५९ मध्ये पंचतंत्राचा जर्मन अनुवाद करणाऱ्या थिओडोर बेन्फायने जगभरच्या असंख्य कथांचे मूळ भारतात असल्याचे सांगितले. त्यातल्या प्राणिकथा मात्र बऱ्याच अंशी ग्रीसकडून आल्या असाव्यात, असे त्याचेच मत होते. मराठीपुरते बोलायचे तर इसाप इथे फार लवकर रुळला. तंजावरच्या सरफोजीराजांच्या छापखान्यात १८०६ मध्ये सख्खण पंडितांनी केलेले इसापकथांचे मराठी रूप ‘बालबोध मुक्तावली’ या नावाने छापले गेले. मराठी मुद्रणाच्या अगदी पहिल्या पुस्तकांतले हे एक, आणि तेही महाराष्ट्रापासून इतक्या दूर कावेरीच्या काठी. मुंबईत सदाशिव काशीनाथ उर्फ बापू छत्रे यांची ‘इसापनीतिकथा’ १८२८ मध्ये आली. त्याच्या साडेपाचशे वर्षे आधी महानुभावांच्या केशोबासांनी चक्रधरस्वामींचे ११४ दृष्टांत ‘दृष्टांतपाठा’त गुंफले होते. लहानशा गोष्टीतून मोठा अर्थ पोचवायची सवय मराठीला गद्याच्या जन्मापासून आहे.

थोडक्यात, ससा-कासवाची मालकी ठरवायला कोणतेच कोर्ट पुरे पडणार नाही. जो सांगतो त्याची गोष्ट. म्हणून प्रश्न हा, की सिनेमा हे नवे साधन हाती आल्यावर ती सांगितली कुणी.

न्यूयॉर्कचा साप्ताहिक कारखाना

पॉल टेरी हा वृत्तपत्रांसाठी चित्रे काढणारा माणूस. १९१५ मध्ये त्याने पहिले कार्टून केले, पुढे ‘फार्मर अल फाल्फा’ हा दाढीवाला शेतकरी पडद्यावर आणला. हॉवर्ड एस्टाब्रूक या नट-लेखकाने त्याला इसापच्या कथांवर मालिका करण्याची कल्पना सुचवली. १९२१ मध्ये ‘फेबल्स पिक्चर्स’ हा स्टुडिओ उभा राहिला आणि सोन्याचे अंडे देणाऱ्या हंसिणीपासून मालिका सुरू झाली. वितरण पाथे कंपनीकडे होते. पैसा होता कीथ-अल्बी या नाट्यगृहांच्या साखळीचा.

या एका गोष्टीत पुढचे सगळे दडले आहे. कीथ-अल्बीच्या थिएटरांत गाणी, नकला, कसरती, जादू असा मिश्र कार्यक्रम चाले. त्यात सहा-सात मिनिटांचे कार्टून सहज बसे. कंपनीचा बहुतांश हिस्सा या साखळीचाच असल्यामुळे चित्रपट तयार होण्याआधीच त्याचा पडदा ठरलेला असे. टेरीने दर आठवड्याला एक या गतीने आठ वर्षे काम केले. बेरीज चारशेच्या वर जाते.

एवढी गती कशी साधली? मूकपटाचा सर्वसाधारण वेग सेकंदाला १६ फ्रेम. सहा मिनिटांच्या चित्रपटाला ५,७६० फ्रेम लागतात. एक चित्र दोन फ्रेम धरून ठेवले तरी जवळजवळ २,९०० चित्रे उरतात. १९१४ च्या सुमारास अर्ल हर्डने पारदर्शक सेल्युलॉइडच्या पत्र्यांची पद्धत शोधली होती. झाडे, कुंपण, आकाश एकदाच काढायचे आणि हलणारे पात्र तेवढे वरच्या पारदर्शक पत्र्यावर बदलत राहायचे. चालण्याचे एक आवर्तन काढून ठेवले की तोच उंदीर दहा गोष्टींत चालू शके. एकाने हालचाल आखायची, दुसऱ्याने शाई भरायची, तिसऱ्याने कॅमेऱ्याखाली पत्रे लावायचे. हातमागाच्या जागी गिरणी यावी तसे हे काम होते. त्यात कारागिराचा जीव रमला नसेल, पण शनिवारी माल तयार असे.

इसापचे म्हणाल तर पहिल्या काही भागांनंतर तो नावापुरताच उरला. मांजरे, उंदीर आणि तो शेतकरी यांची धावाधाव चाले आणि शेवटी एक तात्पर्य झळके. कथेचा आणि त्या तात्पर्याचा बहुतेक वेळा काही संबंध नसे. प्रेक्षक त्यावरच हसत. वॉल्ट डिस्नेने पुढे सांगितले, की सुरुवातीच्या वर्षांत या मालिकेच्या तोडीचे काम करणे हीच आपली महत्त्वाकांक्षा होती. १९२८ मध्ये टेरीच्या स्टुडिओचे ‘डिनर टाइम’ हे ध्वनीसह कार्टून ‘स्टीमबोट विली’च्या आधी आले, तरी नाव मिकी माउसचे झाले. १९२९ मध्ये टेरी मालिकेतून बाहेर पडला. मुक्या इसापचा अंमल तिथे संपला.

न बोलणारा प्राणी

मूक कार्टूनला प्राणीच का मानवले? माणसाचा नट पडद्यावर ओठ हलवतो आणि आवाज येत नाही, तेव्हा काहीतरी उणे भासते. मग मधे अक्षरांची पाटी टाकावी लागते. कोल्ह्याकडून कुणी संवादाची अपेक्षा करत नाही. शेपटी, कान, पाठीचा बाक, दबकी चाल यांतच त्याचा सगळा अभिनय असतो.

पंचतंत्राच्या कथा या अंगाने पुन्हा वाचून पाहाव्यात. भासुरक सिंहाला ससा विहिरीच्या काठी नेतो; सिंह वाकतो, पाण्यात दुसरा सिंह दिसतो, तो झेप घेतो. तीन चित्रांत गोष्ट संपली. बगळा एकेक मासा पाठीवरून नेतो आणि खडकावर काट्यांचा ढीग वाढत जातो. तो ढीग खेकड्याला दिसला, की प्रेक्षकाला वेगळे काही सांगावे लागत नाही. सर्वांत चोख कथा काठी तोंडात धरून दोन हंसांबरोबर उडणाऱ्या कासवाची. खालचे लोक काही बोलतात, कासवाला उत्तर द्यायचा मोह होतो, ते तोंड उघडते आणि कोसळते. इथे बोलणे हीच कृती आहे. कासव काय म्हणाले असते, याला महत्त्वच नाही. ध्वनी नसलेल्या पडद्यासाठी याहून नेमकी कथा मुद्दाम लिहूनही मिळाली नसती.

हे मर्म इतरांनी ओळखले होते. लिथुआनियात कीटकांचा अभ्यास करणाऱ्या लादिस्लास स्तारेविचने मेलेल्या कीटकांच्या पायांत तारा घालून त्यांना एकेका फ्रेमने हलवले. मुंगी आणि नाकतोड्याच्या कथेवरचा त्याचा चित्रपट रशियाच्या झारपर्यंत पोचला. पुढे फ्रान्समध्ये त्याने इसापचे राजा मागणारे बेडूक १९२२ मध्ये आणि शहरी-खेडवळ उंदीर १९२६ मध्ये पडद्यावर आणले. जपानमध्ये माकड-खेकड्याची लोककथा १९१७ मध्येच हलत्या चित्रांत आली, तर यामामोतो सानाएने १९२४ मध्ये ससा-कासवाचा चित्रपट मुलांच्या शिक्षणासाठी केला. अमेरिकेत थिएटरवाल्यांनी पैसा घातला, फ्रान्समध्ये एकट्या कलावंताच्या चिकाटीने काम झाले, जपानमध्ये शिक्षणाचा हेतू मागे उभा राहिला. आधार कसलाही असो, तो असल्याशिवाय प्राणी हलले नाहीत.

कल्याणचा कंदील आणि फाळक्यांचा वाटाणा

महाराष्ट्रातही चित्र हलवण्याची हौस सिनेमाच्या आधीची. कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी १८९२ मध्ये ‘शांबरिक खरोलिका’ हा जादूच्या कंदिलाचा खेळ सुरू केला. काचेच्या पट्ट्यांवर हाताने रंगवलेली चित्रे एकाहून अधिक कंदिलांतून पडद्यावर पडत. एक चित्र विरत असताना दुसरे उमटे आणि आकृती हलल्याचा भास होई. रामायण, कृष्णलीला यांच्याबरोबर सर्कसही असे. मुलांना हाताशी धरून पटवर्धनांनी हा खेळ गावोगाव नेला. मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे दिसली ती ७ जुलै १८९६ ला, म्हणजे त्यानंतर चार वर्षांनी.

आणि मग दादासाहेब फाळके. त्र्यंबकेश्वरला १८७० मध्ये जन्मलेल्या या माणसाचे शिक्षण पाहिले, तर ते अ‍ॅनिमेशनसाठीच घडत होते असे वाटावे. जे. जे. स्कूलमध्ये चित्रकला, बडोद्याच्या कलाभवनात चित्रकला आणि छायाचित्रण, नंतर छपाईचा व्यवसाय. एका जर्मन जादूगाराकडून ते हातचलाखी शिकले आणि आपल्या आडनावाची अक्षरे उलटी करून ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने प्रयोगही केले. १९१२ मध्ये लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन परतल्यावर त्यांना भांडवल हवे होते. सावकाराला पटवण्यासाठी त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा रोखून ठेवला आणि रोज थोडेथोडे चित्रण करत महिन्याभराची वाढ मिनिटभरात बसवली. ‘अंकुराची वाढ’ पाहून यशवंतराव नाडकर्णी यांनी पैसे दिले. त्या पैशांवर ‘राजा हरिश्चंद्र’ झाला आणि ३ मे १९१३ ला गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात लागला.

भारतीय कथापटाला मिळालेले पहिले भांडवल असे फ्रेमगणिक घेतलेल्या चित्रणाने मिळवून दिले आहे. पुढे १९१५ मध्ये फाळक्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ केला. काड्या आपोआप पेटीबाहेर येतात, आकार धरतात, मोडतात. ‘लक्ष्मीचा गालिचा’ आणि ‘विचित्र शिल्प’ याच वाटेवरचे छोटे चित्रपट. ज्याला काडी हलवता येते त्याला कागदाचा ससाही हलवता येतो. ही विद्या त्यांच्याकडे टेरीच्या मालिकेच्या सहा वर्षे आधी होती.

अडले कुठे?

‘आगकाड्यांची मौज’ आला ते वर्ष पहिल्या महायुद्धाचे. कच्ची फिल्म मिळेना, भांडवलदार मागे सरले. छोटे चित्रपट हा त्या अडचणीच्या दिवसांतला उद्योग होता. दिवस पालटताच फाळके पौराणिक चित्रपटांकडे गेले आणि १९१७ च्या ‘लंकादहन’ने त्यांना अफाट यश दिले. एका प्रेक्षणीय वानराने ते साधले, हेही ध्यानात घ्यावे. प्राणी पाहण्याची भूक प्रेक्षकाला होतीच. ती शेपूट लावलेल्या नटाने भागवली, कारण हनुमान देव होता. १९१९ च्या ‘कालियामर्दन’मधल्या नागालाही कृष्णकथेचा आधार होता. कोल्ह्याला देव्हाऱ्यात जागा नाही, त्याच्या नावाने कुणी नारळ फोडत नाही. पडद्यासमोर हात जोडणाऱ्या त्या काळच्या प्रेक्षकासाठी पैसा लावणाऱ्याने कोल्ह्याकडे पाहिले नाही, यात नवल नाही.

दुसरी अडचण माणसांची. फाळके पटकथा लिहीत, दिग्दर्शन करत, कॅमेरा चालवत, फिल्म धुऊन प्रतीही काढत. कच्च्या फिल्मला कडेची भोके पाडण्याचे काम त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई रात्री अंधारात करत आणि दिवसा कंपनीच्या माणसांना जेवू घालत. अशा घरगुती कारखान्यातून आठवड्याला तीन हजार चित्रे निघणे शक्य नव्हते.

तिसरी आणि मोठी अडचण पडद्यांची. ‘राजा हरिश्चंद्र’च्या खेळालाही जोडीला नाच, विनोदी प्रवेश, पायांनी चेंडू खेळवणारा कसरतपटू असा मिश्र कार्यक्रम होता. कार्यक्रमाचा साचा न्यूयॉर्कचाच, पण त्यामागे साखळी नव्हती. १९२७-२८ च्या सिनेमॅटोग्राफ चौकशी समितीच्या वेळी अख्ख्या ब्रिटिश हिंदुस्थानात थिएटरे होती सुमारे तीनशे आणि त्यांतले बहुतेक चित्रपट परदेशी. कलकत्त्याच्या मदन थिएटर्सची साखळी सर्वांत मोठी, पण तिचा भर आयात मालावर. अमेरिकेत खर्च भरून निघालेली छोट्या चित्रपटाची प्रत इथे पडेल त्या भावाने देता येई. मुंबई-नाशिकला नव्याने काढलेले सहा मिनिटांचे कार्टून तिच्यापुढे टिकणार कसे? थिएटरवाला पैसे मोजे ते मुख्य चित्रपटाचे. छोटा चित्रपट वर टाकलेला वाटा असे.

धाराशिवची त्या काळची स्थिती पाहिली, की हा हिशेब अधिक उघडा पडतो. जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात, कचेरीची भाषा उर्दू, गावाची मराठी, उमरग्याकडे कन्नडही कानावर पडणारी. वाचता येणारे फार थोडे. अक्षरांच्या पाट्यांवर चालणाऱ्या मूकपटापेक्षा न बोलणाऱ्या प्राण्यांचा चित्रपट इथे सहज समजला असता. वाहतुकीची सोयही अगदीच नव्हती असे नाही. अडीच फुटी रुळांची बार्शी लाइट रेल्वे १८९७ मध्ये कुर्डुवाडी-बार्शी अशी सुरू झाली आणि पुढे तेरवरून लातूरला गेली. तुळजापूरची नवरात्रे, येरमाळ्याची येडेश्वरीची यात्रा यांना माणसांचा महापूर लोटे. प्रेक्षक होता, वाटही होती. पण संस्थानातला सिनेमाचा धंदा दरबाराच्या मर्जीवर चाले. कलकत्त्याहून आलेल्या धीरेंद्रनाथ गांगुली यांनी १९२२ मध्ये हैदराबादेत लोटस फिल्म कंपनी काढली, चित्रपट केले, थिएटरे चालवली. ‘रझिया बेगम’ दाखवल्याबद्दल निजामाने त्यांना संस्थानाबाहेर घालवले आणि तो उद्योग मोडला. जिथे राजधानीत पडदा टिकेना, तिथे धाराशिवच्या जत्रेत कोल्ह्याचे कार्टून कुठून येणार?

जंबूकाका येतो

अखेर १९३० च्या दशकाच्या मध्यावर कोल्हा आला. प्रभात फिल्म कंपनी १९३३ मध्ये कोल्हापूरहून पुण्याला आली. स्वतःचा स्टुडिओ, प्रयोगशाळा, पगारी कलावंत आणि देशभर चालणारे चित्रपट तिच्याकडे होते. तिथे रघुनाथ केळकरांनी ‘जंबूकाका’ हे कार्टून केले. कलकत्त्यात न्यू थिएटर्सचे ‘द पी ब्रदर्स’ १९३४ मध्ये, मुंबईत मोहन भवनानींचे ‘लफंगा लंगूर’ १९३५ मध्ये, जी. के. गोखल्यांचे ‘सुपरमॅन्स मिथ’ १९३९ मध्ये आले. इतकी नावे एकदम का यावीत? या काळात स्टुडिओ उभे राहिले होते, पगारावर माणसे होती आणि मुख्य चित्रपटाच्या गाडीत छोट्याला बसवून पाठवता येत होते. तरी यांतून मालिका झाली नाही. एक-दोन प्रयोग झाले आणि थांबले, कारण दर आठवड्याला ‘पुढचे कुठे आहे?’ असे विचारणारा कुणी नव्हता.

तो विचारणारा मिळाला स्वातंत्र्यानंतर. सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने मुंबईत कार्टून विभाग सुरू केला. डिस्नेकडे काम केलेले क्लेअर वीक्स प्रशिक्षण द्यायला आले. गोखले, राम मोहन यांच्यासारखे कलावंत तिथे काम करू लागले. १९५७ मध्ये आलेला ‘द बॅनियन डियर’ हा जातककथेवरचा चित्रपट त्या विभागाचे सुरुवातीचे फळ. गाभण हरिणीऐवजी स्वतःचा जीव देऊ करणाऱ्या हरणांच्या राजाची ती गोष्ट. थिएटरांना फिल्म्स डिव्हिजनचे चित्रपट दाखवणे बंधनकारक होते. सरकारने का होईना, पडद्याची हमी दिली आणि प्राणिकथेला घर मिळाले. न्यूयॉर्कला १९२१ मध्ये जे घडले त्याचेच हे सरकारी रूप. फरक एवढाच, की इथे तात्पर्य मनापासून सांगितले जाई.

आजचे माळरान

आता धाराशिवकडे पाहू. २०१८ मध्ये आकांक्षित जिल्ह्यांच्या यादीत आलेला, पावसाने वारंवार दगा दिलेला हा जिल्हा. पण प्राणिकथेचा कच्चा माल इथे दारात आहे. जिल्ह्याचे जुने नाव जगभर नेणारी काळीभोर उस्मानाबादी शेळी बहुधा जुळी करडे देते. तिच्या मागावर माळावरचा लांडगा असतो. कोल्हा, खोकड, काळवीट, मोर शेतकऱ्याच्या रोजच्या बोलण्यातले. येडशीच्या रामलिंग परिसराशी जटायूची आख्यायिका जोडलेली आहे आणि तिथली माकडे भाविकांच्या हातातला प्रसाद राखू देत नाहीत. डिसेंबर २०२४ मध्ये तर यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातला एक वाघ शेकडो किलोमीटर चालून याच येडशी-रामलिंग अभयारण्यात आला. वाघ आला ही बातमी. तो उसाच्या फडांतून, रस्त्यांवरून, वस्त्यांच्या कडेने कसा आला असेल, ही गोष्ट. ती अजून कुणी सांगितलेली नाही.

पोळ्याला घरोघर मातीचे बैल पुजले जातात. तेर हे तर कुंभारकाम करणाऱ्या संत गोरोबाकाकांचे गाव. मातीचे काम इथे भक्तीच्या इतिहासाचा भाग आहे. फाळक्यांना लंडनहून कॅमेरा आणावा लागला, आज तो शिक्षकाच्या खिशात असतो आणि फ्रेम-फ्रेमने चित्रण करणारी अ‍ॅप्स फुकट मिळतात. हिशेब करून पाहा. सेकंदाला १२ छायाचित्रे पुरतात. एका मिनिटाला ७२० लागतील. तीस मुलांच्या वर्गात प्रत्येकाच्या वाट्याला २४ येतात. मातीचा लांडगा एका बोटाने किंचित पुढे सरकवायचा, फोटो घ्यायचा, पुन्हा सरकवायचा. संवाद नकोत, ध्वनिमुद्रणाची यातायात नको, भाषेची अडचण नको. उमरग्याच्या कन्नड बोलणाऱ्या घरातल्या मुलाला आणि परंड्याच्या उर्दू बोलणाऱ्या मुलीला तीच गोष्ट कळेल. शिवाय ‘हलणे म्हणजे काय’ हे मूल हाताने शिकते: पाय आधी उचलतो की मान आधी वळते, घाबरलेली शेळी कान कुठे नेते. निरीक्षणाचा असा धडा पाठ्यपुस्तकात सहसा सापडत नाही.

पण हौशी प्रयोगांवर सगळे सोपवले, तर आगकाड्यांची गत होईल: एकदा मौज, मग विसर. शंभर वर्षांचा अनुभव सांगतो, की गोष्ट आणि युक्ती असून भागत नाही. नियमाने मागणी करणारा पडदा लागतो. तो पडदा नव्याने शोधायलाही नको. गावोगावची गणेश मंडळे दर वर्षी वर्गणीतून हलते देखावे करतात आणि त्यांतले कितीतरी देखावे बाहेरून भाड्याने आणलेले असतात. नवरात्रात तुळजापूरला, चैत्रात येरमाळ्याला लोक तासन्‌तास रांगेत उभे असतात. ग्रामपंचायतींकडे, शाळांकडे प्रोजेक्टर आले आहेत. जानेवारी २०२० मध्ये धाराशिव शहराने ९३ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरवले. एवढा मांडव घालणाऱ्या जिल्ह्याला मिनिटभराच्या चित्रपटांचा छोटा मेळा जड नाही.

म्हणून मंडळांच्या कार्यकर्त्यांना आणि शिक्षकांना एक सूचना. पुढच्या गणेशोत्सवात प्रत्येक मंडळाने भाड्याच्या देखाव्यातले थोडे पैसे काढून गावच्याच शाळेला एका मिनिटाच्या मूक प्राणिकथेचे काम द्यावे, तारीख ठरवून द्यावी आणि ती कथा दहाही दिवस मांडवात दाखवावी. पुढच्या वर्षी पुन्हा मागावी, त्याच्या पुढच्या वर्षीही मागावी. टेरीला असे मागणारे गिऱ्हाईक होते, फाळक्यांना नव्हते. दोघांच्या कार्टूनच्या संख्येत जो फरक पडला, त्याचे मुख्य कारण हेच.